सूखी मूसी, दुसऱ्यांदा

विद्यानगरच्या सिग्नलला स्कूटर थांबवून सूर्यभान लाल दिव्याकडे बघत होता, तेव्हा डावीकडच्या गल्लीच्या तोंडाशी त्याला सुब्बाराव दिसला. पिण्याच्या पाण्याचा तो मोठा निळसर कॅन असतो ना, घराघरांत स्टुलावर उलटा ठेवतात तो, भरलेला, सुब्बूने उजव्या हाताने मानेला धरून गाडीवरून उचलला होता आणि सहज खांद्याकडे नेत होता. सूर्यभानला आधी नुसतं बरं वाटलं, जुना मित्र दिसल्यावर वाटतं तसं. मग सुब्बूची नजर रस्त्यावर आली, दोघांची नजरानजर झाली, आणि सुब्बूने कॅन झटकन डाव्या हातात घेतला. पाणी आत हिंदकळलं. उजवा हात त्याने मोकळा सोडला, मनगटातून जरासा लुळा, आणि मग तोच हात छातीपर्यंत उचलून, त्याहून वर नाही, तो हसला. सूर्यभानने हॉर्न वाजवला. काय करतो आहोत हे कळायच्या आत अंगठा त्या बटणावर गेला होता. मागच्या ऑटोवाल्याला वाटलं सिग्नल सुटला, त्यानेही हॉर्न दिला, आणि मग सगळेच देऊ लागले. दिवा हिरवा झाल्यावर सूर्यभान निघाला तो नारायणगुड्यापर्यंत आरशात न बघता.

मनगट दुखत नव्हतं. हे त्याला आज कळलं असं तो म्हणू शकला असता, पण ते खोटं झालं असतं. त्याला ते सुब्बूच्या घरी बसला होता त्या दिवशीच माहीत होतं. नवं होतं ते एवढंच, की सुब्बू अजून ते दुखत असल्याचं दाखवत होता. रस्त्यात, पाणी वाहून नेताना, कुणी विचारलं नसताना. आणि ते त्याच्यासाठी.

तो निघाला होता तो स्टुडिओ हिमायतनगरला साड्यांच्या दुकानावर होता. आज शेवटचं गाणं गायचं होतं, ते झालं की कॅसेट पुरी. कॅसेट म्हणायचं सवयीने. आता सगळं कॉम्प्युटरवरच. 'चौरस्ता' नावाचा त्यांचा बँड होता, युनिव्हर्सिटीच्या दिवसांतला. चौघेजण, म्हणून चौरस्ता. मल्लेश बास गिटार, अज़हर गिटार, सुब्बाराव ड्रम्स आणि सूर्यभान गायला. हैदराबादी बोलीत रॉक म्हणणारे ते पहिलेच असावेत. निदान तारनाक्याच्या हॉस्टेलांतून तरी तसंच मानत. शहरातल्या मूसी नदीवरून नाव दिलेली 'सूखी मूसी' ही त्यांची एकच कॅसेट, ती इतकी वाजली की लोकांनी कॉपीवरून कॉपी करत तिचा आवाज पार घासून टाकला. मूळ टेप कधीच दमट हवेत खराब झाली होती. आता पन्नाशी दिसू लागल्यावर मल्लेशच्या डोक्यात आलं की तीच गाणी, त्याच क्रमाने, पुन्हा रेकॉर्ड करायची. आंध्रातून फुटून आपलं नवं राज्य होतंय, आपल्या बोलीची लाज वाटायचे दिवस गेले, आता हे नीट ऐकू येईल असं असायला हवं. यात खोटं काही नव्हतं. मल्लेश कॉलेजात शिकवत होता, आंदोलनात त्याने पाठीवर लाठ्या घेतल्या होत्या, त्याच्या वर्गातला एक विद्यार्थी त्या दिवसांत जीव देऊन बसला होता. त्या मुलाचं नाव निघालं की मल्लेश अजून चष्मा काढून पुसायला लागे. सूर्यभानला वाटे, मल्लेश वाईट माणूस असता तर किती सोपं झालं असतं.

सुरुवातीच्या तालमींना सुब्बू येत होता. मग एका संध्याकाळी इराण्याकडे चहा घेताना मल्लेश म्हणाला, “ये रेकॉर्ड अपना रहना. पूरा अपना.” “सुब्बूबद्दल माझ्या मनात काही नाही,” तो पुढे म्हणाला, “पण लोक विचारतील. ज्या सभेत हे पहिल्यांदा वाजणार तिथं पहिला प्रश्न हाच येईल, की ड्रमवर कोण आंध्रावाला. मी काय सांगू त्यांना?” अज़हर बशीतली उस्मानिया बिस्किटं बोटाने फिरवत राहिला. “मेरेकू नक्को पूछो,” तो म्हणाला. मग दोघांनीही सूर्यभानकडे पाहिलं. “तू जाको बोल उसकू,” मल्लेश म्हणाला, “तू ना इधर का, ना उधर का. तुझं त्याला लागणार नाही.”

ना इधर का, ना उधर का. हे वाक्य त्याला लहानपणापासून कुणी ना कुणी ऐकवत आलं होतं, आणि बहुतेक वेळा ते टोचलं होतं. त्या संध्याकाळी मात्र ते त्याला चक्क उबदार वाटलं. कुणी तरी पांघरूण टाकावं तसं. त्याचा बाप नागोराव देगलूरकडचा, निजामाच्या काळातच लालागुड्याच्या रेल्वे वर्कशॉपात लागलेला. पुढे भाषेवरून राज्यं पाडली तेव्हा गाव मुंबईच्या बाजूला गेलं आणि नोकरी आंध्रात राहिली. बाप म्हणायचा, आपण जागचे हललोच नाही, तरी परदेशी झालो. त्याच वर्षी आंध्राची राजधानी कर्नूलहून इथं हलली आणि तिच्या फायलींबरोबर सुब्बूचा बाप आला, साधा कारकून म्हणून, तोही हुकमाने. दोघांची पोरं याच शहरातल्या दवाखान्यांत जन्मली. हे सगळं त्याला त्या टेबलापाशी आठवत होतं. बोलायला फार तर दोन वाक्यं लागली असती. ती त्याने मनात जुळवलीही होती. पण ती बोलली की पुढचा प्रश्न त्याच्याकडे वळणार होता, तुझं काय मग, तू कुठला, हे त्याला दिसत होतं. आणि तो न वळलेलाच बरा होता. त्याने चहा संपवला आणि म्हणाला, “बोलता मैं.”

सुब्बूच्या घरी तो सकाळी गेला. सुब्बूच्या बायकोने, नागमणीने, पेसरट्टू केले होते, हिरव्या मुगाचे डोसे, आल्याची चटणी घातलेले, आणि ती तव्यावरून थेट ताटात आणून टाकत होती. सूर्यभान खात राहिला. एक झाला की बोलू असं ठरवत होता आणि दुसरा येत होता. भिंतीशी ड्रम्स कापड टाकून ठेवलेले होते, त्यांच्यावर वाळलेल्या कपड्यांची चळत. शेवटी त्याने सुरुवात केली, “सुब्बू, तो मल्लेश म्हणत होता की...” आणि थांबला. सुब्बू त्याच्या तोंडाकडे बघत होता. फार वेळ नाही. मग सुब्बूने आपल्या उजव्या मनगटाकडे पाहिलं, जणू ते तिथं आहे हे आत्ताच लक्षात आलं, आणि म्हणाला, “अरे, मैं खुदच बोलने वाला था तुम लोगां को. ये हाथ. रातभर दुखता. डॉक्टर बोला, बजाना बंद.” नागमणी तव्यापाशी होती. तिचा हात थबकला, पेसरट्टू जळल्याचा वास आला, आणि तिने तो उलटला. “हौ क्या,” सूर्यभान म्हणाला. “फिर... फिर तो मुश्किल है.” “मशीनवर करा ना,” सुब्बू म्हणाला, “आजकाल सगळे तसंच करतात. मशीनला दुखत नाही.” आणि सूर्यभानला काय झालं होतं? त्याला हायसं वाटलं होतं. इतकं की त्याने आणखी एक पेसरट्टू मागून घेतला. निघताना त्याने सुब्बूचं ते मनगट दोन्ही हातांत धरून म्हटलं, “संभाल इसकू.” ते मनगट त्याच्या हातात गरम आणि भक्कम होतं.

हे असं करताना तोंड कसं दिसतं ते त्याला आतून माहीत होतं, कारण एकदा त्याने ते बाहेरून पाहिलं होतं. शाळेत असताना शहरातल्या एका मराठी मंडळाच्या गणपतीत मुलांच्या समूहगाण्यात त्याला घेतलं होतं. केशवराव म्हणून एक गृहस्थ बसवत होते. हाताने सूर दाखवत, असा, वर, आणखी वर. पहिल्या ओळीचा तुकडा त्यांनी त्याला एकट्याला दिला होता. मग एक दिवस त्यांनी सहज विचारलं, वडील काय करतात, गाव कुठलं, गावात घर कुठल्या बाजूला. त्याने सगळं सांगितलं, आनंदाने, कारण इतकं कुणी विचारत नसे. पुढच्या तालमीला केशवराव त्याला बाजूला घेऊन म्हणाले, “बाळ, या वर्षी नुसत्या मुलींचीच गाणी ठेवलीत.” त्यांच्या ओठांचा डावा कोपरा किंचित खाली आला होता, डोळे त्याच्या कपाळावर टेकले होते, डोळ्यांत येत नव्हते. कार्यक्रमाच्या दिवशी आई कोंडाबाईने त्याला नवा शर्ट घालून नेलं, कारण त्याने घरी सांगितलंच नव्हतं. त्याच्या बरोबरीचे मुलगे स्टेजवर उभे राहून गात होते. आई म्हणाली, तू का नाही रे? तो म्हणाला, मलाच नको वाटलं. आज नारायणगुड्याच्या चढावर त्याला हे लख्ख कळलं की तेव्हा आईपुढे त्याने जे केलं तेच सुब्बूने त्याच्यापुढे केलं होतं. आणि सुब्बूच्या कपाळावर डोळे टेकवून बसलेला तो स्वतः, तो केशवराव होता. हे कळून काही होणार नव्हतं. स्कूटर चढावर धापा टाकत होती.

स्टुडिओत मल्लेश आणि अज़हर आधीच आले होते. एसीमुळे खोली गार होती आणि खालच्या दुकानातल्या नव्या कोऱ्या कापडाचा वास जिन्याने वर येत होता. काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट बसला होता. मल्लेश त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, “चल, आज खतम करते.” सूर्यभान आत गेला, दार जाड कापडासारख्या दबक्या आवाजात बंद झालं, त्याने हेडफोन चढवला. सूखी मूसी, शेवटचं गाणं. या गाण्यात एक जागा होती. खरं म्हणजे ती चूक होती. मूळ रेकॉर्डिंगच्या वेळी, भाड्याच्या एका खोलीत, भिंतींना गाद्या लावून, ते हे गाणं घेत होते आणि अंतऱ्याच्या तोंडाशी सुब्बूच्या हातातली काठी निसटली. पुन्हा घ्यायला टेप उरली नव्हती. सुब्बू खाली वाकून दुसरी काठी चाचपत होता आणि सूर्यभान 'पानी किधर कू गया रे' मधला रे ताणत राहिला, श्वास संपत आला तरी ताणत राहिला, सुब्बूकडे बघत. सुब्बूने काठी पकडली, भुवया उडवल्या, आणि मग तो ठोका पडला. उशिरा. पुढे लोकांनी त्या जागेसाठी कॅसेट मागे फिरवफिरवून ऐकली. हॉस्टेलच्या कार्यक्रमांत तिथं सगळं मैदान श्वास धरून उभं राही आणि ठोका पडला की एकदम खाली येई. मासिकात कुणी तरी लिहिलं होतं की हा थांबा म्हणजे कोरडी पडलेली नदी आहे. सुब्बू ते वाचून इतका हसला होता की त्याला ठसका लागला. काठी निसटली होती रे, तो म्हणत होता, नदी कसली.

हेडफोनमध्ये मशीनचे ड्रम्स सुरू झाले. स्वच्छ होते. सूर्यभान गाऊ लागला आणि त्याचं त्यालाच नवल वाटलं, आवाज चांगला लागला होता. पंचविशीतली धार नव्हती पण खालून भरीव येत होता, शब्द कळत होते. अंतऱ्याच्या तोंडाशी आल्यावर त्याने रे उचलला आणि ताणला. मशीन थांबलं. बरोबर तेवढंच थांबलं जेवढं सुब्बू थांबला होता. रेकॉर्डिस्टने जुन्या कॅसेटवरून ते मोजून घातलं होतं. सूर्यभानची नजर आपोआप उजवीकडे गेली. तिथं एक स्टूल होतं आणि त्यावर कुणाची तरी पाण्याची बाटली. ठोका पडला. अगदी वेळेवर उशिरा. आपण सुब्बूचं चुकणं ठेवून घेतलं, त्याला वाटलं. माणूस काढला आणि त्याची चूक मात्र धुऊन, इस्त्री करून ठेवून घेतली. तो पुढचं गायला, संपेपर्यंत गायला. गळ्याने एकदाही दगा दिला नाही. त्याने दगा द्यावा असं वाटत असताना सुद्धा दिला नाही.

“कमाल,” मल्लेशचा आवाज कानात आला. “वो रुकने वाली जगह. सुब्बू नाही हे कुणाला कळणार पण नाही.” तो मनापासून बोलत होता. काचेपलीकडे तो चष्मा काढून पुसत होता. सूर्यभानने हेडफोन उतरवला, बाहेर आला, आणि त्याला वाटत होतं की आता आपण बोलणार. ती दोन वाक्यं अजून तशीच जुळवलेली होती. त्याने तोंड उघडलं आणि म्हणाला, “गला गया मेरा.”

“म्हणजे?”

“बरेच दिवस दुखतंय. सांगितलं नाही. डॉक्टर म्हणाले गाठी आहेत. हे ठेवू नकोस, पुसून टाक. आवाज फाटलाय.”

“कुठं फाटलाय? ऐक तू.” मल्लेशने रेकॉर्डिस्टला खूण केली आणि सूर्यभानचा आवाज खोलीत भरला, धडधाकट, भरीव. तो ऐकत सूर्यभान मान हलवत राहिला. “मला कळतं आत काय होतंय ते,” तो म्हणाला, हळू, घोगरा होऊन, आणि घोगरा आवाज इतक्या सहज निघाला की त्याची त्यालाच किळस आली. “हे बाहेर काढू नकोस मल्लेश. माझ्या आवाजात नको. बरं वाटलं की पुन्हा सगळं गाईन.” अज़हर इतका वेळ गिटार पुसत होता. त्याने मान वर करून सूर्यभानकडे पाहिलं, बराच वेळ, आणि मग म्हणाला, “बोल रहा ना. छोड दो.” मल्लेश खाली बसला. “दुसरा कुणी घेऊ म्हणशील,” तो म्हणाला, “पण तुझ्याशिवाय कसलं सूखी मूसी? तुझ्या जागी कोण उभं राहणार?” हे त्याने अगदी साधेपणाने म्हटलं. त्याच्या जागी कुणी उभं राहू शकत नव्हतं. सुब्बूच्या जागी एक मशीन उभं राहिलं होतं, आणि तेव्हा हा प्रश्न कुणाला पडला नव्हता, त्यालाही नाही.

रेकॉर्ड तसंच राहिलं, कॉम्प्युटरमध्ये. सभा झाली, दुसरी गाणी वाजली. मल्लेश मधूनमधून फोन करून गळ्याची चौकशी करी, कुण्या चांगल्या डॉक्टरांचा नंबर देई. सूर्यभान हळू आवाजात धन्यवाद म्हणे. एका अर्थी त्याने ते थांबवलं होतं, आणि कधीकधी ऑफिसातून परतताना तो स्वतःला तसं सांगूनही बघे, की शेवटी आपण गप्प बसलो नाही. पण गप्पच बसला होता. नुसतं गप्प बसायला त्याने एक आजार काढला होता.

आषाढातल्या बोनालूच्या जत्रेचे ढोल थांबून काही दिवस झाले होते, तेव्हा एका रविवारी सकाळी तारनाक्याच्या त्याच्या घराची बेल वाजली. भामा, त्याची बायको, दार उघडायला गेली आणि तिच्या मागून सुब्बूचा आवाज आला. सूर्यभान मोरीत दाढी करत गुणगुणत होता. तो तसाच थांबला, गालावर फेस. मग गळ्याला रुमाल गुंडाळून बाहेर आला. सुब्बू कोचावर अवघडून बसला होता, मांडीवर एक स्टीलचा डबा. “अज़हर बोला मेरेकू,” तो म्हणाला. “गाठी म्हणे. इतके दिवस कळवलं नाहीस.” सूर्यभानने गळ्याकडे बोट दाखवून हात हलवला. कुजबुजत म्हणाला, “बात नै होती ज्यादा.”

“नको, नको बोलू. मी बोलतो.” आणि सुब्बू बोलत राहिला. डब्यात सुंठ, मिरी आणि ज्येष्ठमधाची पूड होती, नागमणीने घरी कुटलेली, गरम पाण्यातून सकाळी घ्यायची. मुलाला विजयवाड्याला नोकरी लागली होती. तो म्हणत होता तुम्हीही या, तिथं आपली माणसं आहेत. “आपली माणसं,” सुब्बू हसला. “मैं तो उधर किसकू पहचानता भी नै. शादियों में गया होऊँगा, बस.” विद्यानगरचं घर दसऱ्यानंतर सोडायचं होतं. ड्रम्स एका शाळेला देऊन टाकले. मग तो खाली बघून, लाजल्यासारखा, म्हणाला, “एक बात बोलूँ? जाने से पैले एक बार सुनना था. वो अंतरा. कॅसेट वाजतच नाही आता, नुसती खरखर येते. पूरा नै. वो रे तक. पण जाऊ दे, तुझा गळा असा.”

सूर्यभानच्या घशात तो सूर येऊन उभा होता. दाढी करताना जो चालला होता तोच. तोंड उघडायचा अवकाश. उघडलं असतं तर सुब्बूला कळलं असतं की गाठी नाहीत, मग गाठींचं खोटं कशाला, मग रेकॉर्ड का थांबलं, मग सगळं उलटं, पेसरट्टूपर्यंत. कदाचित सुब्बू हसला असता. कदाचित त्याला हे सगळं आधीच माहीत होतं आणि म्हणूनच तो मागत होता, दार किलकिलं करून उभा होता. हेही सूर्यभानला सुचलं, आणि त्याने सुब्बूच्या डोळ्यांत पाहायचा प्रयत्न केला, पण त्याची नजर कपाळापर्यंतच जाऊन टेकली.

स्वयंपाकघराच्या दारात भामा उभी होती, हातात चहाचा ट्रे. मघाशी मोरीतलं गाणं तिने ऐकलं होतं. ती नवऱ्याकडे बघत होती, त्याच्या गळ्यातल्या रुमालाकडे बघत होती, आणि तो काय करतो याची तिने थोडी वाट पाहिली. मग ती पुढे आली आणि ट्रे टेबलावर ठेवत म्हणाली, “डॉक्टरांनी गायला पूर्ण बंदी केलीय, भाऊजी. बोलायलासुद्धा.” तिचा आवाज सपाट होता. सुब्बू लगेच म्हणाला, “अरे हौ, मैं भी क्या पागल जैसा.” त्याने चहा घेतला. निघताना त्याने सूर्यभानला दारात थांबवलं, खाली नको येऊस, वाऱ्यात नको, असं म्हणाला, आणि जिना उतरून गेला.

भामाने त्या वेळी काही विचारलं नाही, नंतरही नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तिने गरम पाण्यात एक चमचा पूड ढवळून कप त्याच्यापुढे ठेवला. “घ्या,” ती म्हणाली. “त्या बाईने कुटलीय.” त्याने तिच्याकडे पाहिलं. ती आपल्या कामाला लागली होती. त्याने कप उचलला. ते तिखट होतं, मागाहून गोड, आणि त्याच्या गळ्यातून कुठंही न अडता खाली उतरलं. डबा तळाला लागेपर्यंत तो ते रोज सकाळी घेत राहिला.